एका काबील बाईची जीवनकथा

(मंडळाच्या वर्धापनदिनी झालेल्या भाषणाचा मजकूर)



वर्धापनदिनाला बाहेरच्या कोणा विदुषीबाईंना बोलवायचे, ही आपल्या मंडळाची रीत. यंदा कार्यकारिणीने ठरवले की आपल्यातल्याच एकीने बोलावे, आणि घरी जे वाचले असेल त्यावर बोलावे. माझे शिक्षण मराठी सातवीपर्यंतचे. तेव्हा विद्वत्तेची अपेक्षा कोणी ठेवू नये. पण आत्मचरित्र समजायला पदवी लागत नाही. संसार केलेला असला म्हणजे पुष्कळ होते. त्या धीरावर मी उभी राहिले आहे.

आमची थोरली कॉलेजात फ्रेंच भाषा घेऊन शिकते. या वर्षी तिला आत्मचरित्रे आहेत, पण ती फ्रान्समधल्या लोकांची नव्हेत. ज्या देशांवर फ्रेंचांनी राज्य केले त्या देशांतल्या लोकांनी फ्रेंच भाषेत लिहिलेली आहेत. आपल्याकडे इंग्रजीत लिहिणारे लोक झाले, तसेच हे. संध्याकाळी मी भाजी निवडायला बसले की ती एकेक प्रकरण वाचून मराठीत सांगे. त्यांतल्या एका पुस्तकाने मला धरून ठेवले. ते लिहिणारी बाई आपल्यासारखीच घरातली, आठ मुलांची आई. तिचे नाव फाद्मा आइत मन्सूर अमरूश. उच्चार जरा अवघड आहे. आपण आपले फाद्माबाई म्हणू.

आता मुलूख कोणता ते सांगते. आफ्रिका खंडाच्या अगदी वरच्या काठाला, भूमध्य समुद्राला लागून अल्जीरिया देश आहे. आफ्रिका म्हटली की आपल्या डोळ्यांपुढे एक तर घनदाट जंगल येते नाहीतर वाळवंट. पण या देशात जुर्जुरा नावाचा उंच डोंगर आहे, त्यावर हिवाळ्यात बर्फ पडते. उतारावर अंजिराची आणि ऑलिव्हची झाडे, आणि डोंगराच्या माथ्यांवर एकमेकांना चिकटून बांधलेली घरे. या भागाला काबिली म्हणतात आणि लोकांना काबील. ते धर्माने मुसलमान, पण अरब नव्हेत. त्यांची बोली अरबीहून अगदी निराळी. फ्रेंचांनी अल्जीयर्स शहर १८३० साली घेतले, पण हा डोंगर त्यांच्या हाती यायला १८५७ साल उजाडले. (सालाचा आकडा ऐकून आता तुम्हाला जे वाटले तेच मलाही वाटले होते.) १८७१ साली तिथे मोठे बंड झाले, तेही मोडले गेले. त्यानंतर दहा-बारा वर्षांनी, म्हणजे १८८२-८३ च्या सुमारास, तिझी हिबेल नावाच्या डोंगरी गावात फाद्मा जन्मली.

तिच्या जन्माची हकीकत तिने पुस्तकाच्या आरंभीच सांगून टाकली आहे. आई आइनी हिचे लग्न लहानपणीच वयाने पुष्कळ मोठ्या माणसाशी झाले. तो वारला तेव्हा पदरात दोन लहान मुलगे. भाऊ म्हणाला, मुले इथे सोड आणि माहेरी चल. आइनी म्हणाली, मुलांना सोडून मी येणार नाही. भावाने संबंध तोडला. मग ती एकटीच त्या घरात राहिली, शेत आणि मुले सांभाळू लागली. आणि पुढे शेजारच्या, नात्यातल्याच एका माणसापासून तिला दिवस गेले.

त्या मुलखात विधवेचा असा गुन्हा म्हणजे जिवाशीच गाठ. दिरांना तर घरजमिनीवर हात टाकायला कारणच हवे होते. पण ही बाई मोठी खंबीर. तिने गावच्या पंचांकडे पदर पसरला नाही, सरळ फ्रेंच सरकारच्या अधिकाऱ्यांकडे तक्रार नेली. अधिकारी गावात आले, मुलांना पालक नेमून दिले, आणि या बाईच्या व मुलांच्या अंगाला कोणी हात लावायचा नाही, अशी ताकीद दिली. बाळंतपणाला जवळ कोणी आले नाही. आइनी एकटीच बाळंत झाली आणि नाळ तिने दातांनी तोडली. हे वाक्य वाचून दाखवताना मुलगी थांबली. मी म्हटले, पुढे वाच.

मुलीच्या बापाने मुलगी आपली नव्हे म्हणून सांगितले. आइनीने त्याच्यावरही खटला भरला. पण त्या काळच्या फ्रेंच कायद्यात मुलाचा बाप कोण याचा तपास करण्यालाच बंदी होती. ही बंदी फ्रान्समध्ये १९१२ साली सैल झाली. तेव्हा बापाचे नाव काही मुलीला मिळाले नाही. कोर्टाने नुकसानभरपाईचे पैसे तेवढे देववले, ते आइनीने घेतले नाहीत. पहा, बाईला गावच्या रूढीतून कायद्याने वाचवले, आणि त्याच कायद्याने तिच्या मुलीला बिनबापाची ठेवले. मुलीच्या पाठ्यपुस्तकात परक्या राज्याबद्दल मोठमोठे शब्द आहेत. मला ते राज्य कसे होते ते या एका खटल्यावरून कळले.

गावातली पोरे फाद्माला छळत. एकदा एकाने तिला फड्या निवडुंगाच्या कुंपणावर ढकलून दिले. सबंध अंगात काटे. आईच्या लक्षात आले की दिवसभर शेतावर राहून आपण या मुलीला वाचवू शकणार नाही. म्हणून तिने काळजावर दगड ठेवून तिला ख्रिस्ती जोगिणींच्या आश्रमात नेऊन ठेवले. तिथे आणखी हाल. घाणीने माखलेले गोणपाट अंगावर, भिंतीशी उभी केलेली एक लहान मुलगी रडते आहे, हे त्या वेळचे चित्र फाद्माबाईंच्या मनात म्हातारपणापर्यंत राहिले. आई भेटीला आली, तिने मुलीच्या अंगावरचे वळ पाहिले आणि तिला परत घरी आणले. मग फोर्ट-नॅशनलजवळ मुलींसाठी सरकारी शाळा निघाली होती, मुलींनी तिथेच राहून शिकायचे, तिथे तिला घातले. ही शाळा धर्माची नव्हती. तिथे ती दहा वर्षे राहिली, फ्रेंच लिहायला-वाचायला शिकली, आणि १८९२ साली प्राथमिक शाळेची परीक्षा पास झाली. त्या मुलखात त्या काळी मुलगी परीक्षेला बसते हेच नवल.

म्हणजे शिक्षणाने आमची-तिची बरोबरीच म्हणा ना.

पुढे सरकारने पैसा देणे बंद केले आणि शाळा मिटली. एवढे शिकलेली मुलगी पुन्हा आईच्या झोपडीत आली. तिथे तिने जी दुसरी शाळा केली तिचे वर्णन मला फार आवडले. आईने तिला लोकर पिंजायला, विणायला शिकवले. चाक न वापरता हातांनी मातीची भांडी घडवायला शिकवले. तिकडे हे काम बायकाच करतात. ऑलिव्ह वेचायला, जात्यावर दळायला, कुसकुस करायला शिकवले. कुसकुस म्हणजे जाडसर रव्याचे बारीक कण वळून वाफेवर शिजवतात, वरून भाज्यांचा नाहीतर मांसाचा रस्सा. आणि हे करता करता आई गात असे. ती गाणी कोणी रचली हे कोणालाच ठाऊक नसते. आजीने म्हटली म्हणून आई म्हणते, आई म्हणते म्हणून लेक म्हणते. काबील लोकांच्या कहाण्यांचीही सुरुवात ठरलेली असते. आपण 'आटपाट नगर होते' म्हणतो, तसे ते 'माशाहो' म्हणतात, की पोरे लगेच गप्प होऊन सरकून बसतात.

त्यानंतर ती मिशनच्या दवाखान्यात कामाला लागली. तिथे बेलकासेम अमरूश नावाच्या काबील तरुणाशी तिचे जमले. तो लहानपणीच मिशनमध्ये शिकून ख्रिस्ती झालेला. १८९९ च्या ऑगस्टमध्ये तिचा बाप्तिस्मा आणि लग्न एकाच दिवशी झाले. ती सोळा-सतरा वर्षांची, नवरा अठरा वर्षांचा. मार्गरीत असे ख्रिस्ती नावही तिला होते. आणि हे जोडपे नांदायला गेले ते इघिल अली गावी नवऱ्याच्या घरी. ते सगळे घर मुसलमान. सासऱ्याने अनेक बायका केलेल्या, सवतींची भांडणे, नंदा-जावांचा गोतावळा, आणि घरची श्रीमंती हळूहळू उतरणीला लागलेली. हा भाग मी दोनदा वाचवून घेतला. कोण कोणाशी बोलत नाही, कोठीची किल्ली कोणाकडे, कोणाच्या मुलाला दूध मिळाले आणि कोणाच्या नाही, हे सगळे फाद्माबाई इतके बारकाईने सांगतात की वाटावे आपल्याच वाड्यातल्या गोष्टी चालल्या आहेत.

पण त्या घरात त्यांची जागा कोणती? गावचे लोक अशा ख्रिस्ती झालेल्यांना 'मतूर्नी' म्हणत. फ्रेंच शब्दावरूनच केलेला हा शब्द, अर्थ, फिरलेले. उलट फ्रेंच लोकांच्या लेखी त्या ख्रिस्ती झाल्या, फ्रेंच बोलल्या, तरी काबीलच. पुढे पोटासाठी नवऱ्याने ट्युनिसला रेल्वेत नोकरी धरली आणि सगळे बिऱ्हाड परदेशी गेले. तिथे शेजारी इटालियन, फ्रेंच, अरब. काबील बोलायला घराबाहेर कोणी नाही. कागदोपत्री पुढे फ्रेंच नागरिकत्वही मिळाले. मुले झाली, त्यांची नावे ऐका: झाँ एल-मूहूब, मारी-लुईझ ताओस. प्रत्येकाला एक ख्रिस्ती नाव आणि एक काबील. मुलगी म्हणते, आई, यालाच आमच्या पुस्तकात सांस्कृतिक अस्मितेचा प्रश्न म्हणतात. असेल. मला तो शब्द जरा जड वाटतो. मला एवढेच दिसते की बाळाला पाळण्यात घालताना आईने दोन नावे ठेवली. पुढे जग त्याला कोणत्या नावाने हाक मारील याची तिला खात्री नव्हती.

आता या पुस्तकाच्या जन्माची हकीकत. मुलगा झाँ मोठा होऊन फ्रेंच भाषेतला नावाजलेला कवी झाला. त्याने आईच्या मागे लकडा लावला की तू तुझी कथा लिहून काढ. फाद्माबाई तेव्हा साठी उलटलेल्या. १९४६ च्या ऑगस्ट महिन्यात, एका महिन्यात त्यांनी ती लिहून काढली. एका महिन्यात! साठ वर्षे मनात साठलेले असले म्हणजे लिहायला वेळ लागत नसावा. वही एकुलत्या एका मुलीच्या, ताओसच्या हवाली केली. छापायची घाई कोणी केली नाही. नवरा १९५९ साली वारला. १९६२ साली त्यांनी शेवटी आणखी थोडी पाने जोडली. फाद्माबाई स्वतः १९६७ च्या जुलैत फ्रान्सच्या ब्रिटनी प्रांतात वारल्या, आणि पुस्तक निघाले १९६८ साली. नाव अगदी साधे, 'माझ्या जीवनाची कथा'. म्हणजे लिहिणाऱ्या बाईने आपले पुस्तक डोळ्यांनी पाहिलेच नाही.

आमच्या घरी यावर दोन दिवस वाद झाला. आमच्या सासूबाई पलंगावरून सगळे ऐकत असत. त्या म्हणाल्या, "मेलेल्या आईची अब्रू अशी चव्हाट्यावर मांडायची? काय मिळवलंन बाई?" हा प्रश्न तुमच्यापैकी पुष्कळजणींच्या मनात आला असेल, म्हणून तो झाकून ठेवत नाही. घरातल्या बायकांनी शंभर गोष्टी पोटात घातल्या म्हणून घरे उभी राहिली, हे मीही मानते. आमच्या माहेरीसुद्धा एक नाव असे आहे की जे सणावाराला, श्राद्धपक्षाला, कधीच कोणी उच्चारत नाही. ती माझ्या आजोबांची बहीण. तिचे काय झाले हे मला पुरते माहीत नाही, कारण मी विचारले की आई उठून चुलीपाशी जाई. आता आईही नाही. त्या बाईचे नावसुद्धा मला एका जुन्या भांड्यावर कोरलेले सापडले, म्हणून माहीत. ते भांडे माझ्याकडे आहे.

म्हणून सासूबाईंना मी उलट काही बोलले नाही, पण माझे मत तुम्हाला सांगते. फाद्माबाईंनी आईची बेअब्रू केली असे मला वाटत नाही. दिरांनी तिला पापीण म्हटले, गावाने म्हटले, भावाने तोंड पाहिले नाही. हे बोलणारे सगळे शंभर तोंडांनी बोलले. आइनीच्या बाजूने बोलणारे तोंड एकच होते, आणि ते तिच्या मुलीचे. ती गप्प राहिली असती तर गावचे बोलणे तेवढे खरे ठरले असते.

इथे आपल्या लक्ष्मीबाई टिळकांची आठवण कोणाला होणार नाही? त्यांच्याही घरात धर्म बदलला, १८९५ साली. त्यांच्याही मुलाने आग्रह केला, आणि 'स्मृतिचित्रे' १९३४ पासून पुढे प्रसिद्ध झाली. पण दोघींत एक मोठा फरक आहे, आणि मला आज मुख्यतः तोच सांगायचा आहे. लक्ष्मीबाई शाळेत गेल्या नव्हत्या, तरी ज्या मराठीत त्या भांडल्या, हसल्या, रडल्या, त्याच मराठीत त्यांनी लिहिले. नवरा ख्रिस्ती झाला, मागाहून त्याही झाल्या, पण भाषा कोणी हिसकावून घेतली नाही. फाद्माबाईंचे तसे नव्हते. आईशी त्या काबील बोलीत बोलत, गाणी काबीलमध्ये म्हणत, पण कागदावर अक्षर काढायला त्यांना शिकवले होते फ्रेंचमध्येच. काबील भाषा कोणत्या शाळेत शिकवीत नसत. म्हणून आईने दातांनी नाळ तोडली हे त्यांना त्या शाळेच्या भाषेत लिहावे लागले. आइनीला ती भाषा येत नव्हती. म्हणजे मुलीने आईच्या बाजूने साक्ष दिली ती अशा भाषेत, की आईला कोणी वाचून दाखवली असती तरी समजली नसती. या गोष्टीवर मी पोळ्या लाटता लाटता पुष्कळ विचार केला.

याच तिझी हिबेल गावात १९१३ साली मुलूद फेराऊन नावाचा मुलगा जन्मला, पुढे तो शाळामास्तर झाला. त्याने १९५० साली आपल्या लहानपणावर 'गरिबाचा पोर' असे पुस्तक फ्रेंचमध्ये लिहिले. पण त्याने पुस्तकातल्या मुलाला आपले खरे नाव दिले नाही. आपल्याच नावाची अक्षरे उलटसुलट करून नवे नाव केले. नोकरदार माणूस, गावातच राहायचे, त्याची अडचण मी समजू शकते. १९६२ च्या मार्चमध्ये, देश स्वतंत्र व्हायला चार महिने नव्हते तोच, फ्रेंच राज्य जाऊ नये म्हणणाऱ्या अतिरेक्यांनी त्याला आणखी पाच सहकाऱ्यांसह गोळ्या घालून मारले. एकाच लहानशा डोंगरी गावातून ही दोन आत्मचरित्रे निघाली, एक पुरुषाचे आणि एक बाईचे. पुरुषाने नाव झाकले. बाईने आपले आणि आईचे नाव उघड लिहिले. मात्र पुस्तक बाहेर आले ते तिच्या मरणानंतर, हेही लक्षात ठेवले पाहिजे.

पुढच्या पिढीतल्या आसिया जेबार यांचे पुस्तकही मुलीला आहे, १९८५ साली निघालेले. त्या अल्जीरियातल्याच, बाप फ्रेंच शाळेत मास्तर. लहान मुलगी बापाचे बोट धरून शाळेत चालली आहे, इथून त्या सुरुवात करतात. फ्रेंच भाषेला त्या सावत्र आईची उपमा देतात. ही उपमा ऐकून मी हातातली मेथी खाली ठेवली. सावत्र आई जेवायला घालते, शिकवते, कधी कधी मायाही करते. पण आजारपणात तोंडून हाक येते ती दुसरीच. याच भाषेत लिहून २००५ साली त्या फ्रान्सच्या सर्वांत मोठ्या साहित्यसंस्थेवर, म्हणजे फ्रेंच अकादमीवर, निवडून आल्या. २०१५ साली त्या वारल्या. त्यांचे पुस्तक मला सगळे समजले नाही. त्यात स्वतःच्या हकीकतीत १८३० सालची लढाई आणि लढ्यातल्या बायकांच्या तोंडच्या कहाण्या अशा गुंफल्या आहेत की कोण बोलते आहे ते कळत नाही. मला फाद्माबाईंचे सरळ सांगणे बरे वाटते.

फाद्माबाईंच्या मुलाचेही असेच. आपण विचार आणि लिहिणे फ्रेंचमध्ये करतो, पण रडता येते ते काबीलमध्येच, अशा अर्थाचे झाँ अमरूश यांचे बोलणे प्रसिद्ध आहे. स्वातंत्र्याच्या लढ्यात त्यांनी फ्रेंच सरकार आणि अल्जीरियाचे पुढारी यांच्यात बोलणी व्हावीत म्हणून पुष्कळ खटपट केली. लढा १९५४ च्या नोव्हेंबरात सुरू झाला आणि देश १९६२ च्या जुलैत स्वतंत्र झाला. झाँ त्याच वर्षी एप्रिलमध्ये वारले. आईच्या आठ मुलांपैकी शेवटी दोनच उरली. म्हातारपणी फाद्माबाई इघिल अलीला परत गेल्या होत्या, पण त्या धामधुमीत घर सोडून पुन्हा फ्रान्सला जाणे आले. शेवटच्या पानांत त्या म्हणतात की मी जन्मभर परकीच राहिले, कुठेच मला घरी असल्यासारखे वाटले नाही, आता आपल्या देशात, आपल्या माणसांत, आपली भाषा बोलणाऱ्यांत जावेसे वाटते. शब्द माझे आहेत, आशय त्यांचा. एवढी वर्षे ख्रिस्ती धर्मात, फ्रेंच भाषेत, परक्या गावात काढली, आणि आतली काबील बाई तशीच राहिली.

ती कशाने राहिली, याचे माझे उत्तर असे की गाण्यांनी. ट्युनिसच्या बिऱ्हाडात, जिथे काबील बोलायला शेजारीण नव्हती, तिथे ही बाई स्वयंपाक करताना आणि मुलांना निजवताना गात असे. काही गाणी आइनीकडची, काही इघिल अलीच्या सासरची. झाँने ती ऐकून उतरून घेतली, फ्रेंचमध्ये आणली, आणि १९३९ साली त्यांचे पुस्तक काढले. आपल्याकडे बहिणाबाई चौधरींची गाणी त्यांच्या कवी मुलामुळे १९५२ साली आपल्या हाती आली. फरक एवढाच की बहिणाबाईंची गाणी त्यांची स्वतःची, आणि फाद्माबाईंची परंपरेने आलेली. पण दोन्हीकडे आई चुलीशी गात होती आणि मुलाला वेळीच कागद घ्यायची बुद्धी झाली. माझ्या आईच्या जात्यावरच्या ओव्या मला आठ-दहा येतात. तिला किती येत असतील ते मी मोजलेच नव्हते. जाते बंद पडले आणि ओव्याही.

मुलगी ताओस तर त्याहून पुढे गेली. तिने १९४७ साली फ्रेंचमध्ये कादंबरी लिहिली, आईच्या तोंडच्या कहाण्यांचे पुस्तक १९६६ साली काढले, आणि आईची गाणी मोठमोठ्या सभागृहांत उभी राहून गायली. १९६६ साली सेनेगलच्या डाकार शहरात आफ्रिकेच्या कलांचा मोठा महोत्सव झाला, तिथे ती गायली. पण १९६९ साली खुद्द अल्जीयर्समध्ये तसाच महोत्सव झाला, तेव्हा तिला आपल्या देशातर्फे गाऊ दिले नाही. नव्या स्वतंत्र सरकारने अरबी हीच देशाची भाषा धरली होती, तिथे काबील गाणी नकोशी झाली. परक्या राज्यात भाषेला शाळा नव्हती आणि स्वराज्यात व्यासपीठ मिळेना. मला हे वाचून राग आला. ती मात्र अल्जीयर्सला गेली आणि विद्यार्थ्यांपुढे गायली. १९७६ साली ती वारली. काबील आणि तिच्या बहिणी-बहिणी अशा बोली मिळून जी तामाझिग्त भाषा, तिला २००२ साली अल्जीरियाने राष्ट्रीय भाषा म्हणून मान्य केले आणि २०१६ साली राज्यभाषेचा दर्जा दिला. आइनीच्या जात्यावरच्या बोलीला सरकारदरबारी पाट मिळायला एवढा काळ लागला.

माझी वेळ संपत आली असे चिटणीसबाई खुणावत आहेत, तेव्हा एक सूचना देऊन बसते. ताओसबाईंची गाणी मुलीने मिळवली आहेत आणि वाजवायचे यंत्र मागच्या खोलीत ठेवले आहे. चहा झाल्यावर ज्यांना थांबणे जमेल त्यांनी थांबावे. साथीला वाद्य नाही, नुसता गळा आहे. शब्द कळणार नाहीत. मलाही कळले नाहीत. पहिले गाणे चार मिनिटांच्या आत संपते, म्हणजे घरी जाऊन कुकर लावायला कोणाला उशीर होणार नाही.